डेस्कटॉपवरील नकोसे शॉर्टकट: बडोद्यातील एका वाचनालयाचे प्रकरण

प्रस्तुत प्रकरण बडोद्याच्या दांडिया बाजार परिसरातील एका मराठी वाचनालयाच्या कार्यालयीन संगणकाचे आहे. वाचनालय सार्वजनिक न्यासामार्फत चालते. पुस्तकांची देवघेव, सभासदांची वर्गणी, गणेशोत्सवाचा जमाखर्च, शिवाय गुजरातीतून करावा लागणारा सरकारी पत्रव्यवहार ही सर्व कामे या एकाच संगणकावर होतात. त्यावर तीन खाती आहेत: एक ग्रंथपालबाईंचे, एक हिशेबनिसांचे आणि एक वाचनकक्षात येणाऱ्या सभासदांसाठी. सध्या त्यावर विंडोज 11 आहे, पूर्वी विंडोज 10 होते; आणि हा संगणक आला तेव्हा त्याआधीच्या विंडोज 7 च्या संगणकावरील डेस्कटॉपचा अख्खा फोल्डर जसाच्या तसा उचलून यावर ठेवण्यात आला होता. परिणामी ग्रंथपालबाईंच्या खात्यात साठाच्या आसपास आयकॉन जमले होते आणि रोज लागणारे चार आयकॉन शोधण्यातच वेळ जात होता.

तक्रारी तिघांच्या होत्या आणि तिघांच्या वेगळ्या होत्या. ग्रंथपालबाईंचे म्हणणे असे की, संगणक मंद झाला आहे आणि काढून टाकलेले आयकॉन दोन दिवसांनी परत येतात. हिशेबनिसांची तक्रार टॅली या हिशेबाच्या प्रोग्रॅमबद्दल होती आणि अधिक गंभीर होती. ‘अहो, टॅलीच गेली. आता मार्चअखेरीला मी काय करू?’ असे त्यांनी फोनवरच विचारले. कार्यवाहांनी एका दुरुस्तीवाल्याला आधीच विचारले होते आणि त्याने संगणक फॉरमॅट करून सगळे नव्याने बसवण्याचा सल्ला दिला होता. हा सल्ला आपल्याकडे इतका सर्रास दिला जातो की, तो मिळाल्याचे कोणाला नवल वाटत नाही. परंतु येथे तो मानला असता, तर नेमके काय बिघडले होते हे कधीच कळले नसते आणि वर्षभरात डेस्कटॉप पुन्हा तसाच भरला असता.

टॅली कोठे गेली होती

हिशेबनिसांची तक्रार आधी घेण्यात आली. प्रोग्रॅम फाइल्स या फोल्डरात टॅलीप्राइमचा फोल्डर जागच्या जागी होता आणि त्यातील मूळ फाइलवर दोनदा क्लिक करताच टॅली नेहमीप्रमाणे सुरू झाली. मागील सर्व वर्षांचे हिशेबही दिसले. नाहीसा झाला होता तो फक्त डेस्कटॉपवरील शॉर्टकट. शॉर्टकट म्हणजे एक-दोन किलोबाइटची एक छोटी फाइल असते. तिचे एक्स्टेन्शन ‘एलएनके’ असते, पण विंडोज ते मुद्दाम लपवते, म्हणून ते कोणाच्या नजरेस पडत नाही. मूळ प्रोग्रॅम डिस्कवर कोठे आहे, ही माहिती मुख्यतः या फाइलमध्ये असते. ग्रंथपालबाईंना हे समजावण्यासाठी फार बोलावे लागले नाही: तालिकेतील कार्ड फाडले म्हणून फडताळातील पुस्तक जात नाही, आणि पुस्तक गहाळ झाले तरी कार्ड मात्र खोटे पडून तसेच राहते. सयाजीराव महाराजांनी 1910 मध्ये विल्यम बॉर्डन या ग्रंथपालांना अमेरिकेहून आणून ज्या शहरात ग्रंथालयांची घडी बसवली, तेथील ग्रंथपालाला हा फरक वेगळा शिकवावा लागू नये, हे ओघानेच आले.

मग शॉर्टकट गेला कसा? गणेशोत्सवाच्या वेळी मदतीला आलेल्या एका महाविद्यालयीन मुलाने ग्रंथपालबाईंच्या खात्यातून ‘साफसफाई’ केली होती. त्यांना टॅली लागत नाही, म्हणून त्याने टॅलीचा आयकॉन निवडून डिलीट केला. अ‍ॅडमिनिस्ट्रेटरची परवानगी लागेल, असा इशारा विंडोजने दिला. ते खातेच अ‍ॅडमिनिस्ट्रेटरचे असल्यामुळे ‘कंटिन्यू’ एवढे दाबणे पुरले. त्या क्षणी तो शॉर्टकट तिन्ही खात्यांतून गेला. नंतर त्याच उत्साहात रिसायकल बिनही रिकामा करण्यात आला, त्यामुळे परत आणण्याचा सोपा मार्ग उरला नाही.

या प्रकरणाचा सगळा उलगडा येथूनच होतो. पडद्यावर दिसणारा डेस्कटॉप हा एक फोल्डर नसतो. विंडोज निदान दोन फोल्डरांतील वस्तू एकत्र करून त्या एकाच पृष्ठावर मांडते: पहिला त्या खात्याचा स्वतःचा डेस्कटॉप फोल्डर, आणि दुसरा सी ड्राइव्हवरील ‘यूजर्स’मध्ये असलेल्या ‘पब्लिक’ या फोल्डरातील ‘पब्लिक डेस्कटॉप’, जो सर्व खात्यांना सामाईक असतो. प्रोग्रॅम सर्वांसाठी बसवला जातो, तेव्हा त्याचा शॉर्टकट बहुधा या दुसऱ्या फोल्डरात पडतो. रिसायकल बिन किंवा ‘धिस पीसी’ यांसारखे काही आयकॉन तर कोणत्याच फोल्डरात नसतात. विंडोज ते स्वतःच्या नोंदीतून काढून दाखवते. म्हणूनच एकाच नावाचे दोन आयकॉन शेजारी दिसू शकतात, एक आयकॉन विनातक्रार निघतो तर दुसरा परवानगी मागतो, आणि तिसऱ्याच्या राइट क्लिकच्या यादीत डिलीट हा पर्यायच नसतो. विंडोजने परवानगी मागणे याचा सर्वसाधारण वापरकर्त्याच्या भाषेतील अर्थ ‘ही वस्तू तुमच्या एकट्याची नाही’ असा घ्यावा. इशाऱ्याचे शब्द मात्र तसे सांगत नाहीत, आणि हा दोष माझ्या मते त्या मुलाचा कमी आणि इशाऱ्याचा अधिक आहे.

टॅलीचा नवा शॉर्टकट हिशेबनिसांच्या खात्यातूनच तयार करण्यात आला. मूळ फाइलवर राइट क्लिक, मग ‘शो मोअर ऑप्शन्स’, त्यातून ‘सेंड टू’ आणि ‘डेस्कटॉप’, एवढेच हे काम आहे. तो आता फक्त त्यांच्या डेस्कटॉपवर आहे आणि ग्रंथपालबाईंना तो दिसत नाही, म्हणजे तो पुन्हा डिलीट करण्याचा प्रसंगही नाही.

येथे एक धोका नमूद करणे आवश्यक आहे. पब्लिक डेस्कटॉप हा फोल्डर लपवलेला असतो, त्यामुळे तो शोधताना लोक आधी ‘पब्लिक’ फोल्डर उघडतात आणि तेथेही अनोळखी गोष्टी दिसल्या की, हात चालवतात. टॅलीप्राइमचा डेटा साधारणपणे याच पब्लिक फोल्डरातील टॅलीप्राइम नावाच्या फोल्डरात असतो; या वाचनालयातही तो तेथेच होता. म्हणजे शॉर्टकट काढायला गेलेला माणूस सर्व वर्षांच्या हिशेबांपासून अक्षरशः एका फोल्डराच्या अंतरावर उभा असतो. म्हणून पब्लिक फोल्डरात चाचपडत न जाता, विंडोज आणि आर ही बटणे एकत्र दाबून येणाऱ्या ‘रन’च्या चौकटीत रोमन अक्षरांत ‘शेल कोलन कॉमन डेस्कटॉप’ असे लिहून थेट हवा तो फोल्डर उघडण्याची पद्धत ठेवली गेली. हिशेबांची एक प्रत पेन ड्राइव्हवर काढल्याशिवाय पुढच्या कामाला हात घातला नाही, हे सांगायला नकोच.

परत येणारे आयकॉन

ग्रंथपालबाईंची तक्रार ऐकताना प्रथम संशय एखाद्या उपद्रवी प्रोग्रॅमचा येतो. प्रत्यक्षात कारण वेगळे निघाले. त्यांच्या खात्यातील आयकॉनची ‘प्रॉपर्टीज’ उघडून ‘लोकेशन’ वाचल्यावर असे दिसले की, त्यांचा डेस्कटॉप नेहमीच्या जागी नसून वनड्राइव्ह या मायक्रोसॉफ्टच्या ऑनलाइन साठवणीच्या फोल्डरात आहे. विंडोज सुरू करताना कधीतरी विचारलेल्या ‘बॅकअप’च्या प्रश्नाला होकार दिला की, डेस्कटॉप, डॉक्युमेंट्स आणि पिक्चर्स हे फोल्डर वनड्राइव्हमध्ये हलवले जातात. तेच मायक्रोसॉफ्ट खाते त्यांच्या घरच्या लॅपटॉपवरही होते आणि तेथेही हा होकार दिलेला होता. त्यामुळे घरी मुलाने बसवलेल्या खेळाचा शॉर्टकट वाचनालयात उमटत होता, आणि वाचनालयात तो काढला की, घरच्या डेस्कटॉपवरूनही जात होता. मुलगा घरी तो पुन्हा तयार करी आणि तो पुन्हा वाचनालयात येई. घरातल्या घरात चाललेल्या या ओढाताणीची दोघांनाही कल्पना नव्हती.

याच कारणाने काही आयकॉन दुहेरी झाले होते. एकाच नावाची फाइल दोन संगणकांवर वेगवेगळी तयार झाली की, वनड्राइव्ह एकीच्या नावापुढे ‘कॉपी’ किंवा त्या संगणकाचे नाव जोडून दोन्ही ठेवते. ब्राउझरचे तीन-तीन शॉर्टकट अशाच रीतीने जमले होते. शिवाय वनड्राइव्ह शॉर्टकटची फाइल तेवढी नेते, प्रोग्रॅम नेत नाही. तेव्हा लॅपटॉपवरून आलेले बहुतेक शॉर्टकट वाचनालयाच्या संगणकावर कोरे पांढरे दिसत होते, कारण ते ज्या प्रोग्रॅमकडे बोट दाखवत होते तो येथे नव्हताच.

उपाय सोपा होता, पण घाबरवणारा होता. वनड्राइव्हच्या सेटिंग्जमध्ये ‘सिंक अँड बॅकअप’ आणि त्यात ‘मॅनेज बॅकअप’ येथे जाऊन डेस्कटॉपचा बॅकअप बंद करण्यात आला. बंद करताच डेस्कटॉप जवळजवळ रिकामा दिसू लागला आणि त्यावर ‘माझ्या फाइल्स कोठे आहेत’ अशा अर्थाच्या इंग्रजी नावाचा एकच शॉर्टकट उरला. ग्रंथपालबाईंना वाटले, सगळे गेले. वास्तविक फाइल्स वनड्राइव्हच्या फोल्डरातील डेस्कटॉप या उपफोल्डरात सुरक्षित होत्या. विंडोजने फक्त डेस्कटॉपचा पत्ता पुन्हा मूळ जागी नेला होता. वनड्राइव्हच्या काही आवृत्त्या फाइल्स कोठे ठेवायच्या हे बंद करतानाच विचारतात, काही विचारत नाहीत. तेथून ‘सभासद यादी’ आणि वर्गणीच्या एक्सेल फाइल्स डॉक्युमेंट्समध्ये हलवल्या गेल्या, लागणारे मोजके शॉर्टकट डेस्कटॉपवर आणले गेले आणि बाकीचे तेथेच राहू दिले. वनड्राइव्ह पूर्ण काढून टाकण्याची सूचनाही पुढे आली होती. ती मानली नाही, कारण डॉक्युमेंट्सचा बॅकअप वाचनालयाच्या उपयोगाचा आहे. डेस्कटॉपला तो लागत नाही, इतकेच.

प्रत्येक आयकॉनमागे काय आहे

उरलेल्या आयकॉनांची छाननी करताना नाव किंवा चित्र पाहून निर्णय घेण्याचे टाळले. प्रत्येकावर राइट क्लिक करून प्रॉपर्टीज उघडावी, आणि ‘टार्गेट’ (मूळ वस्तूचा पत्ता) व ‘लोकेशन’ (आयकॉन स्वतः कोठे आहे) या दोन ओळी वाचाव्यात, असा नियम ठेवला. काम कंटाळवाणे आहे, पण साठ आयकॉनांना एखादी दुपार पुरते. पहिली चाळणी कोपऱ्यातील छोट्या बाणाची. बाण असेल तर तो शॉर्टकट आहे आणि तो काढल्याने मूळ वस्तू जात नाही. बाण नसेल तर ती खरी फाइल, खरा फोल्डर किंवा विंडोजचा स्वतःचा आयकॉन असतो. वर्गणीच्या जुन्या पावत्यांचा एक फोल्डर दहा वर्षांपासून डेस्कटॉपवरच होता आणि त्याची दुसरी प्रत कोठेही नव्हती. सगळे निवडून डिलीट दाबण्याची पद्धत किती महागात पडू शकते, याचे हे उदाहरण पुरेसे आहे.

बाण नसलेल्यांमध्ये दूरवरून संगणक हाताळण्याचा एक छोटा प्रोग्रॅमही निघाला. तो इन्स्टॉल न करता थेट चालणारा असल्यामुळे ‘इन्स्टॉल्ड अ‍ॅप्स’च्या यादीत त्याचे नाव नव्हते, आणि कोणी तरी कधी तरी दुरुस्तीसाठी तो उतरवून घेतला होता. येथे आयकॉन काढणे आणि प्रोग्रॅम काढणे ही एकच क्रिया ठरते. तो काढला, आणि त्याच्या सेटिंगमध्ये कायमचा पासवर्ड ठेवलेला नाही ना, हे काढण्यापूर्वी पाहिले.

मृत शॉर्टकटांचा गट सर्वांत मोठा आणि सर्वांत निरुपद्रवी होता. जुन्या विंडोज 7 च्या डेस्कटॉपवरून आलेल्या या शॉर्टकटांपैकी बहुतेकांचे मूळ प्रोग्रॅम नव्या संगणकावर कधी बसवलेच गेले नव्हते. त्यांत छायाचित्रे पाहण्याचे पिकासा होते, ज्याचा आधार गूगलने 15 मार्च 2016 रोजी थांबवला. इंटरनेट एक्स्प्लोरर होते, जे 15 जून 2022 रोजी निवृत्त झाले. फ्लॅश प्लेयरचे एक साधन होते, ज्याचा आधार 2020 च्या अखेरीस संपला. मे 2025 मध्ये बंद झालेले स्काइप होते आणि आता कोणाच्याही खणात नसलेल्या एका इंटरनेट डोंगलचा प्रोग्रॅम होता. यांपैकी पिकासाबद्दल ग्रंथपालबाई साशंक होत्या, कारण व्याख्यानमालेची छायाचित्रे ‘पिकासात आहेत’ अशी त्यांची समजूत होती. पिकासा छायाचित्रे स्वतःत साठवत नसे. डिस्कवरच्या फोल्डरांतील छायाचित्रे ते फक्त दाखवी आणि त्यातील दुरुस्त्यांची नोंद त्याच फोल्डरांत एका लहान लपलेल्या फाइलमध्ये ठेवी. पिक्चर्स फोल्डरात ती सर्व छायाचित्रे सालवार सापडली आणि मगच तो शॉर्टकट काढू दिला गेला.

मृत शॉर्टकटवर क्लिक केले की, विंडोज मूळ वस्तूचा थोडा शोध घेते आणि न मिळाल्यास शॉर्टकट काढून टाकू का, असे स्वतःच विचारते. विंडोज एक्सपीमध्ये तर यासाठी एक स्वतंत्र विझार्ड होता: साठ दिवसांत न वापरलेले शॉर्टकट तो एका वेगळ्या फोल्डरात हलवण्याचे सुचवी. लोक त्याला वैतागत असत, तरी हलवणे आणि डिलीट करणे यांत त्याने केलेला भेद शहाणपणाचा होता. पुढे तो विझार्ड राहिला नाही आणि विंडोज 7 ने पार्श्वभूमीवर चालणारी देखभाल आणली. डेस्कटॉपवर चाराहून अधिक तुटलेले शॉर्टकट आढळले की, ती ते सगळे न विचारता काढून टाकी. नेटवर्कवरील फोल्डरांचे शॉर्टकटही त्या क्षणी नेटवर्क जोडलेले नसेल तर तुटलेले समजले जात. जुन्या संगणकावर सामाईक फोल्डरचा आयकॉन अधूनमधून आपोआप नाहीसा होत असे, असे हिशेबनिसांनी सांगितले, त्याचा खुलासा यातून होऊ शकतो. वाचनालयात एक्सपीच्या विझार्डाचीच रीत हाताने अवलंबली गेली: नकोसे शॉर्टकट डॉक्युमेंट्समधील ‘तपासणीसाठी’ नावाच्या फोल्डरात हलवले आणि मार्चअखेरचे काम उरकेपर्यंत ते तेथे ठेवले. त्या काळात हिशेबनिसांनी एक, प्राप्तिकराच्या जुन्या साधनाचा, परत मागून घेतला.

बसवलेल्या, पण नको असलेल्या प्रोग्रॅमांच्या बाबतीत क्रम महत्त्वाचा ठरतो. येथे पीडीएफचे रूपांतर करणारा एक फुकट प्रोग्रॅम होता आणि त्याच्यासोबत, इन्स्टॉल करताना आधीच टिक केलेल्या चौकटीमुळे, ‘संगणक वेगवान करणारा’ आणखी एक प्रोग्रॅम आला होता. ग्रंथपालबाई त्याचा आयकॉन काढत आणि प्रोग्रॅमचा अपडेटर तो पुन्हा तयार करी. आधी आयकॉन काढला, तर प्रोग्रॅम नजरेआड होतो, पण चालूच राहतो. म्हणून सेटिंग्जमधील ‘अ‍ॅप्स’ आणि ‘इन्स्टॉल्ड अ‍ॅप्स’ येथून आधी दोन्ही प्रोग्रॅम अनइन्स्टॉल केले. बहुतेक वेळा आयकॉन त्यासरशी स्वतःच जातो. मागे राहिलेली एक वेळापत्रकी नोंद ‘टास्क शेड्युलर’मध्ये सापडली, तीही काढली. विंडोज सिक्युरिटीमधील ‘अ‍ॅप अँड ब्राउझर कंट्रोल’खाली अशा संशयास्पद प्रोग्रॅमांना अडवण्याची सोय आहे, ती बंद होती, ती चालू केली.

संगणक मंद असण्याचे कारणही येथेच होते. साठ शॉर्टकट डिस्कवर जी जागा घेतात ती एका मोबाइल छायाचित्राहून कमी असते आणि त्यांच्यामुळे संगणक जाणवण्याइतका मंदावत नाही. अपवाद एकच होता: पूर्वी वरच्या मजल्यावरील संगणकात असलेल्या सामाईक फोल्डराकडे जाणारा शॉर्टकट. तो संगणक केव्हाच भंगारात गेला होता. त्यामुळे डेस्कटॉप रंगवताना विंडोज त्याला हाक मारून उत्तराची वाट पाहत थांबे. तो आयकॉन आणि सुरुवातीलाच चालू होणारे ते दोन प्रोग्रॅम गेल्यावर फरक दिसला. डेस्कटॉप मोकळा केला की संगणक पळतो, ही समजूत मात्र दुरुस्तीवाल्यांनीही सोडायला हवी.

सभासदांचे खाते

वाचनकक्षाच्या खात्यात आयकॉन थोडे होते, पण त्यांतील दोन सर्वाधिक लक्ष देण्याजोगे निघाले. क्रोमचे दोन आयकॉन शेजारी होते. एकाचे लोकेशन पब्लिक डेस्कटॉप होते आणि तो ठीक होता. दुसरा त्या खात्याच्या स्वतःच्या डेस्कटॉपवर होता आणि त्याच्या टार्गेटच्या ओळीत, क्रोमच्या फाइलचे नाव जेथे संपते त्या अवतरणचिन्हानंतर, एका अनोळखी शोध-संकेतस्थळाचा पत्ता जोडलेला होता. त्यामुळे त्या आयकॉनवरून क्रोम उघडले की, प्रत्येक वेळी तेच पान येई आणि ब्राउझरची सेटिंग कितीही बदलली तरी काही फरक पडत नसे, कारण बिघाड ब्राउझरमध्ये नव्हता. सर्वसाधारण खात्यात चालणाऱ्या उपद्रवी प्रोग्रॅमला सामाईक फोल्डरात लिहिता येत नाही, म्हणून त्याने खात्याच्या फोल्डरात आपली प्रत ठेवली, असा तर्क करता येतो. टास्कबारवर पिन केलेला क्रोम हाही एक स्वतंत्र शॉर्टकटच असतो. त्याचे टार्गेटही तसेच बिघडलेले होते. दोन्ही काढून मूळ फाइलवरून नवे केले. फाइलच्या नावापुढे काहीही दिसले तर ते वाईटच, असे मात्र नाही: दोन हायफनने सुरू होऊन क्रोमची प्रोफाइल निवडणारी सूचना पूर्णपणे वैध असते. संकेतस्थळाचा पत्ता तेथे असण्याचे कारण नसते.

दुसरा आयकॉन फोल्डरासारखा दिसत होता आणि त्याचे नाव ‘फोटो’ असे होते, पण त्याला बाण होता. टार्गेटमध्ये फोल्डराऐवजी विंडोजचा कमांड प्रॉम्प्ट होता आणि पुढे एक लांबलचक आज्ञा होती. छपाईसाठी सभासद पेन ड्राइव्ह आणतात, त्यांतून हा आला असावा. पेन ड्राइव्हवरील खरे फोल्डर लपवून त्यांच्या जागी त्याच नावाचे शॉर्टकट ठेवण्याची ही जुनी युक्ती आहे. शॉर्टकट ही वस्तूच निरुपद्रवी आहे, असे मानणाऱ्यांनी 2010 मधील स्टक्सनेट हा उपद्रवी प्रोग्रॅम आठवावा: त्या वेळी शॉर्टकटचा आयकॉन नुसता दाखवताना विंडोजकडून होणाऱ्या चुकीचा फायदा घेतला गेला होता, क्लिक करण्याचीही गरज नव्हती. ती त्रुटी मायक्रोसॉफ्टने त्याच वर्षी ऑगस्टमध्ये दुरुस्त केली. येथे त्या आयकॉनवर क्लिक न करता आधी विंडोज सिक्युरिटीतून ऑफलाइन तपासणी करून घेतली, मग तो काढला आणि सभासदांचे खाते अ‍ॅडमिनिस्ट्रेटरचे नाही, याची खात्री केली. एका सभासदाच्या पेन ड्राइव्हवरील लपलेले फोल्डर ‘अ‍ॅट्रिब’ या आज्ञेने पुन्हा दृश्य करून दिले. त्यांना ते पुसले गेल्यासारखे वाटत होते.

रिसायकल बिन, धिस पीसी यांसारख्या आयकॉनांसाठी सेटिंग्जमधील ‘पर्सनलायझेशन’, ‘थीम्स’ आणि ‘डेस्कटॉप आयकॉन सेटिंग्ज’ ही वाट आहे. सभासदांच्या खात्यात धिस पीसी काढला, ग्रंथपालबाईंनी आपला ठेवला.

त्यानंतर

ग्रंथपालबाईंचे रोजचे खाते आता सर्वसाधारण आहे आणि अ‍ॅडमिनिस्ट्रेटरचे वेगळे खाते कार्यवाहांकडे आहे. याला सुरुवातीला विरोध झाला, कारण नवा प्रिंटर जोडायचा तरी कार्यवाहांना बोलवावे लागेल, असे ग्रंथपालबाईंचे म्हणणे होते, आणि ते काही अंशी खरेही आहे. परंतु त्यामुळे सामाईक डेस्कटॉपवरील काही काढताना आता नुसते ‘कंटिन्यू’ दाबून चालत नाही. पासवर्ड मागितला जातो. पब्लिक डेस्कटॉपवर तिन्ही खात्यांना लागणारे तेवढेच शॉर्टकट ठेवले: क्रोम, प्रिंटरचे स्कॅनिंग आणि ग्रंथसूचीचा प्रोग्रॅम.

एज ब्राउझरचा आयकॉन एका अपडेटनंतर पुन्हा आला. मोठ्या कार्यालयांत तो तयारच होऊ नये, असे धोरण संगणक विभागाला लावता येते. एकट्या संगणकासाठी रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या अंतर्गत नोंदींत, हात घालण्याचे काम कार्यवाहांनी सुचवले होते. आयकॉन वर्षातून एक-दोनदा काढण्याचे श्रम त्याहून कमी आहेत, म्हणून ते केले नाही.

श्रीलिपी या मराठी टंकलेखनाच्या प्रोग्रॅमचा शॉर्टकट काढावा की नाही, यावर चर्चा झाली. वाचनालयाकडे असलेल्या त्या आवृत्तीला हार्डवेअर लॉक, म्हणजे संगणकाला जोडायची छोटी किल्ली, लागते आणि ते लॉक कपाटात असते, त्यामुळे आयकॉनवर क्लिक केले की, चूक दाखवली जाते आणि तो मृत वाटतो. तो मृत नाही. सभासदांची जुनी पत्रे आणि इतिवृत्ते युनिकोडपूर्व फॉन्टमध्ये आहेत आणि तो फॉन्ट व प्रोग्रॅम नसेल, तर पडद्यावर मराठीऐवजी निरर्थक रोमन अक्षरे दिसतात. इतिवृत्तांचे युनिकोडमध्ये रूपांतर हिशेबनीस सवडीने करत आहेत. तोपर्यंत तो आयकॉन त्यांच्या डेस्कटॉपवर टॅलीच्या शेजारी राहील, आणि त्याच्या नावात ‘लॉक लावून उघडावे’ एवढी भर घातली आहे.